टिळकवाडीतील एक जिम आणि तिच्या भिंतीवरचे आरोग्यशास्त्र

बेळगावात गेल्या काही वर्षांत जिमचे पेव फुटले आहे. टिळकवाडी, हिंदवाडी, भाग्यनगर, अनगोळ या वस्त्यांत जुने बंगले पाडून उभ्या राहिलेल्या इमारतींमध्ये खाली औषधांचे दुकान, मधल्या मजल्यावर दंतवैद्य आणि सर्वांत वर जिम ही मांडणी आता नेहमीची झाली आहे. मी जिच्याविषयी लिहीत आहे ती जिम टिळकवाडीत, रेल्वे गेटपासून पायी जाण्याच्या अंतरावर आहे. तिचे नाव मी मुद्दामच देत नाही, कारण पुढे ज्या तक्रारी येतील त्यांपैकी बहुतेक तिच्या एकटीच्या नाहीत. वर्गणी भरण्यापूर्वी शहरात आणखी काही ठिकाणी चौकशी केली तेव्हा तिथेही थोड्याफार फरकाने तेच ऐकायला मिळाले. माझे मत आधीच सांगून टाकते. येथील साधने वर्गणीच्या मानाने उत्तम आहेत, आणि त्या साधनांबरोबर फुकट मिळणारे ज्ञान बहुतांशी चुकीचे आहे.

मासिक वर्गणी 1,500 रुपये आहे. तेवढ्यात दोन किलोपासून तीस किलोपर्यंतची डंबेल पूर्ण जोड्यांनिशी मिळतात आणि ती रात्री जागच्या जागी लावली जातात, हे ज्यांनी इतरत्र एक सात किलोचे आणि एक आठ किलोचे डंबेल घेऊन व्यायाम केला आहे त्यांना विशेष वाटेल. केबलच्या यंत्रांत वजनांच्या चळतीत खुपसण्याची खीळ बहुतेक जिममध्ये कधीच हरवलेली असते आणि तिच्या जागी एखादा स्क्रूड्रायव्हर अडकवलेला असतो. येथे प्रत्येक यंत्राची खीळ दोरीने यंत्रालाच बांधून ठेवलेली आहे. लेग प्रेसचा पाट न अडखळता सरकतो, जमिनीवर जाड रबर आहे, स्वच्छतागृह खरोखरच स्वच्छ आहे आणि साडेदहा ते साडेबारा ही वेळ फक्त महिलांसाठी राखून ठेवलेली आहे. घरातील डबे, शाळा, देवपूजा उरकून बाहेर पडणाऱ्या बायकांना ही वेळ सोयीची पडते. शिकवणारी मुले मराठी आणि कानडी दोन्ही सहज बोलतात. समोरची बाई वडगावची आहे की बैलहोंगलची हे पाहून वाक्याच्या मध्यावर भाषा बदलण्याची त्यांची हातोटी ऐकण्यासारखी आहे.

व्यायाम ही बेळगावला नवी गोष्ट नाही. गल्लोगल्लीच्या तालमी, आनंदवाडीच्या आखाड्यातील कुस्त्यांची मैदाने, ‘बेळगाव श्री’च्या स्पर्धा आणि कॅम्पात मराठा लाईट इन्फंट्रीचे रेजिमेंटल सेंटर असल्यामुळे भरतीच्या तयारीसाठी पहाटे रस्त्याने धावणारी खेड्यांतील मुले हे सारे या गावाने पिढ्यान्‌पिढ्या पाहिले आहे. मात्र तालमीतून व्यायामाबरोबर काही समजुतीही आल्या. वस्तादाच्या तोंडी त्या अनुभवाच्या बोलीत यायच्या. आता त्याच समजुती इंग्रजी शब्दांचा कोट घालून गुळगुळीत फलकांवर आल्या आहेत. या जिममध्ये असे फलक चारही भिंतींवर आहेत आणि ते मराठी, कानडी व इंग्रजी अशा तिन्ही भाषांत आहेत. एरवी सीमाभागात पाटीवरच्या अक्षरांवरून रान उठते. येथे तिन्ही भाषांत एकच चूक लिहिलेली आहे आणि त्यावर आजवर कोणाचाही आक्षेप आलेला नाही.

प्रवेश घेताना प्रथम एका यंत्रावर अनवाणी उभे करून दोन दांड्या हातात धरायला लावतात आणि मिनिटभरात एक लांबलचक चिठ्ठी छापून देतात. तीत चरबीचे प्रमाण, स्नायूंचे वजन, पाण्याचे प्रमाण आणि ‘शरीराचे वय’ असते. हे वय खऱ्या वयापेक्षा जास्तच निघते, असे निदान आमच्या वेळेच्या सर्व बायकांच्या चिठ्ठ्या पाहून तरी दिसते, आणि त्या धक्क्यातच महागडे पॅकेज विकले जाते. हे यंत्र शरीरातून अतिशय सौम्य विद्युतप्रवाह सोडते. पाण्याचा अंश जास्त असलेल्या ऊतींतून तो सहज जातो, चरबीतून अडखळत जातो, आणि त्या अडथळ्यावरून यंत्र बाकीचे आकडे अंदाजाने काढते. म्हणूनच तांब्याभर पाणी पिऊन, जेवून किंवा व्यायाम करून त्यावर उभे राहिले की आकडे बदलतात. एकाच वेळी, एकाच अवस्थेत, महिन्यामहिन्याच्या अंतराने मोजले तर कल कळायला त्याचा थोडा उपयोग होतो. पण एका चिठ्ठीवरून कोणाचे शरीर किती म्हातारे झाले हे ठरवणे म्हणजे निव्वळ विक्रीचा भाग आहे.

त्यापेक्षा खटकले ते जे मोजले गेले नाही ते. रक्तदाब कोणी पाहिला नाही. मधुमेह आहे का, हृदयाचा काही त्रास आहे का, कोणत्या गोळ्या चालू आहेत, छातीत कधी दुखते का, यांतील एकही प्रश्न अर्जात नव्हता. रक्तगट मात्र विचारला होता. कमरेचा घेर मोजण्याची साधी टेपही तेथे नाही. भारतीयांत वजन बेताचे असूनही पोटात चरबी साठलेली असण्याचे प्रमाण मोठे असल्यामुळे आपल्याकडचे डॉक्टर पुरुषांसाठी 90 सेंटिमीटर आणि स्त्रियांसाठी 80 सेंटिमीटर ही घेराची मर्यादा धरतात, आणि वजन-उंचीच्या गुणोत्तराची, म्हणजे बीएमआयची, जाडपणाकडे झुकणारी रेषा 25 ऐवजी 23 वर आखतात. खडे बाजारात वीस रुपयांना मिळणारी शिंप्याची टेप त्या लाखमोलाच्या यंत्रापेक्षा अधिक उपयोगाचे काही सांगू शकली असती.

आता घामाविषयी, कारण या जिमचा अर्धा व्यवसाय घामावर उभा आहे. महिलांच्या वेळेत पंखे मुद्दाम बंद ठेवले जातात. काउंटरवर पोटाला गुंडाळायचे काळे रबरी पट्टे विकायला ठेवलेले आहेत. त्यांना नव्या टायरसारखा वास येतो आणि अर्ध्या तासाने सोडले की कातडीवर शिवणीचे लाल वळ उठलेले दिसतात. स्टीमच्या खोलीचे पैसे वेगळे. माझ्या शेजारच्या यंत्रावरील बाईंचा पट्टा सोडवताना शिकवणारा मुलगा मोठ्या कौतुकाने म्हणाला, “काकू, घाम किती आलाय बघा की, सगळी चरबीच वितळायलीय.” काकूंनी टॉवेल पिळून दाखवला आणि दोघेही समाधानाने हसले.

घाम हे पाणी आणि थोडे मीठ आहे. काम करणारे स्नायू उष्णता निर्माण करतात, ती बाहेर टाकण्यासाठी कातडीवर पाणी येते आणि ते वाळताना उष्णता घेऊन जाते. चरबी किती जळली याचा त्या पाण्याच्या प्रमाणाशी संबंध नाही. ज्यांना हे पटत नाही त्यांनी बेळगावच्या हवेचाच विचार करावा. समुद्रसपाटीपासून सुमारे 750 मीटर उंचीवर असलेल्या आपल्या गावात पौष महिन्यात पहाटे तासभर पळले तरी सदरा कोरडा राहू शकतो, आणि आषाढात, खिडक्या बंद करून बसावे लागते तेव्हा, हवेतील दमटपणामुळे घाम वाळतच नाही आणि नुसते जिने चढले तरी तो ओघळतो. घाम हीच चरबी असती तर आषाढात जिने चढणारा हडकुळा झाला असता आणि पौषात पळणाऱ्याच्या पदरी काहीच पडले नसते. चरबी खरोखर जाते कोणत्या वाटेने, याचा हिशेब 2014 साली ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये मांडला गेला. दहा किलो चरबी पूर्ण जळली तर तीतील 8.4 किलो भाग कार्बन डायऑक्साइड होऊन श्वासावाटे बाहेर पडतो आणि उरलेल्या 1.6 किलोचे पाणी होते. पट्टा बांधून वजनकाट्यावर जो अर्धा किलो कमी दिसतो तो घरी जाऊन चहा-पाणी घेतले की परत येतो, आणि यायलाच हवा.

यायलाच हवा म्हणते याला कारण आहे. व्यायाम चालू असताना पाणी पिऊ नये, ही तालमीतून आलेली समजूत येथे अजून नियमासारखी पाळली जाते. पाण्याचा कूलर आहे, परंतु तो दाराबाहेर आहे आणि मधेच उठून गेलेल्याकडे नापसंतीने पाहिले जाते. पंखे बंद, पोटाला रबर, वर पाणी नाही, आणि समोर साठीच्या पुढच्या, रक्तदाबाच्या गोळ्या घेणाऱ्या बाया, हे एकत्र पाहिले की येथे चक्कर येण्याचे प्रसंग अधूनमधून का घडतात हे विचारावे लागत नाही. तहान लागली की घोटभर पाणी प्यावे, इतके साधे हे आहे.

भिंतीवरील सर्वांत मोठा फलक ‘45 दिवसांत पोट सपाट’ या पॅकेजचा आहे. त्याचे 6,000 रुपये वेगळे पडतात आणि त्यात रोज पाऊण तास केवळ पोटाचे व्यायाम करून घेतले जातात. ज्या भागाला ताण द्यावा तिथलीच चरबी जाते, ही समजूत इतकी सार्वत्रिक आहे की ती चुकीची आहे असे सांगणाऱ्याकडेच लोक संशयाने पाहतात. अमेरिकेत 2011 साली प्रसिद्ध झालेल्या एका छोट्या प्रयोगात काही तरुण-तरुणींकडून सहा आठवडे, आठवड्याचे पाच दिवस, पोटाचे सात प्रकारचे व्यायाम करून घेतले. त्यांच्या पोटाच्या स्नायूंचा दम वाढला, पण पोटावरची चरबी आणि घेर जिथल्या तिथे राहिला. त्याच्या कितीतरी आधी, 1971 साली, टेनिसपटूंचे दोन्ही हात तपासून पाहिले होते. ज्या हातात वर्षानुवर्षे रॅकेट असते त्या हाताचे स्नायू अर्थातच थोराड होते, मात्र कातडीखालच्या चरबीची जाडी दोन्ही हातांत सारखीच निघाली. शरीर आपली चरबी एका सामाईक गंगाजळीतून वापरते आणि ती कोणत्या भागातून आधी कमी व्हावी हे अनुवंश, वय आणि संप्रेरके ठरवतात. पोटाचे व्यायाम करू नयेत असे नाही. पाठीच्या दृष्टीने ते चांगलेच. त्यांच्यासाठी वेगळे सहा हजार देऊ नयेत, एवढेच माझे म्हणणे आहे.

पॅकेजबरोबर आहाराचा एक कागद मिळतो. तो कोणत्यातरी परदेशी संकेतस्थळावरून उतरवून काढलेला असावा, कारण त्यात ब्रोकोली, ओट्स, ऑलिव्ह तेल आणि बदामाचे दूध आहे. भाकरी, पिठले, मटकीची उसळ, दही या पदार्थांचा त्यात मागमूस नाही. भात तर सरसकट बंद. खानापूरच्या माणसाला भात बंद म्हणजे जेवण बंद, त्यामुळे हा कागद पहिला आठवडा निष्ठेने पाळला जातो आणि दुसऱ्या आठवड्यात कुणाच्या तरी बारशाच्या पंगतीत त्याचा निकाल लागतो. भाताने माणूस जाड होत नाही, दिवसभरातील एकूण खाणे गरजेपेक्षा जास्त झाल्याने होतो. भाताची मूद अर्धी करून वरण दुप्पट करावे, कुंदा बशीभर खाण्याऐवजी चमचाभर खावा, असे कोणी सांगितले असते तर ते निदान वर्षभर टिकले असते.

येथील प्रथिनांच्या पावडरीबाबत दोन परस्परविरोधी समजुती एकाच छपराखाली सुखाने नांदतात. सकाळच्या वेळेतील मुलांना पावडरीशिवाय अंग भरणारच नाही असे वाटते, तर त्यांच्या आयांना पावडर खाल्ली की मूत्रपिंडे निकामी होतात असे वाटते. राष्ट्रीय पोषण संस्थेच्या 2020 च्या शिफारशीनुसार प्रौढ व्यक्तीला शरीराच्या दर किलो वजनामागे दिवसाला 0.83 ग्रॅम प्रथिने लागतात, म्हणजे साठ किलोच्या बाईला सुमारे 50 ग्रॅम. वजने उचलणाऱ्याला त्याहून अधिक. एका अंड्यात सहा ग्रॅम, पेलाभर दुधात आठ ग्रॅम, मूठभर शेंगदाण्यांत सात ग्रॅम आणि वाटीभर घट्ट वरणात पाच-सहा ग्रॅम प्रथिने असतात, हे लक्षात घेतले तर आपल्या शाकाहारी घरांतील बायका या आकड्यापाशी पोचतच नाहीत हे चटकन कळते. कमी पडणारे भरून काढण्यासाठी चांगल्या कंपनीची पावडर घेतल्याने धडधाकट माणसाची मूत्रपिंडे बिघडतात याला आधार नाही. ज्यांना मूत्रपिंडाचा आजार आधीच आहे त्यांची गोष्ट वेगळी. त्यांनी प्रथिनांचे प्रमाण डॉक्टरांना विचारूनच ठरवावे. माझा आक्षेप निराळाच आहे. येथे काउंटरवरून मोठ्या डब्यातील पावडर साध्या प्लास्टिकच्या पिशवीत भरून सुटी विकली जाते. त्या पिशवीवर ना कंपनीचे नाव असते, ना अन्नसुरक्षा परवान्याचा क्रमांक, ना मुदतीची तारीख. ही पावडर कोणीही घेऊ नये.

महिलांच्या वेळेविषयी जरा सविस्तर लिहिणे भाग आहे. त्या दोन तासांत जिमची जवळजवळ सगळी जड साधने रिकामी पडलेली असतात. बायकांना आल्या आल्या ट्रेडमिलवर उभे करतात, मग सायकल, मग एक किलोची गुलाबी डंबेल, मग पट्टा आणि घाम. मी वजने लावायच्या लोखंडी बारकडे वळले तेव्हा मला अडवून सांगण्यात आले, “मॅडम, लेडीजनी हेवी मारायचं नसतंय, अंग पुरुषासारखं होतंय.” दुसऱ्या एका बाईंनी हळूच जोडले की जड उचलल्याने गर्भाशय खाली सरकते. बाळंतपणानंतर ओटीपोटाचे स्नायू सैल झालेल्या किंवा अंग बाहेर येण्याचा त्रास असलेल्या बाईने आधी डॉक्टरांना दाखवावे, हे खरेच आहे. पण त्यावरून सगळ्याच बायकांना बाहुलीच्या वजनाची डंबेल देणे कोणत्या शास्त्रात बसते? पुरुषासारखे पीळदार अंग ज्या टेस्टोस्टेरॉन या संप्रेरकाच्या बळावर भरते ते प्रौढ पुरुषाच्या रक्तात स्त्रीच्या साधारण पंधरापट असते. शिवाय खानापूर तालुक्यात ज्या बायका डोक्यावर जळणाचे भारे आणि कमरेवर भरलेल्या घागरी घेऊन चढ चढत आल्या, त्यांच्यापैकी कोणी पैलवानासारखी दिसू लागल्याचे मी ऐकलेले नाही.

याची दुसरी बाजू जास्त महत्त्वाची आहे. पाळी थांबल्यानंतरच्या वर्षांत बायकांची हाडे झपाट्याने विरळ होतात, आणि स्नायू तर त्याच्याही आधीपासून कमी होऊ लागलेले असतात. त्यावर जे मोजके उपाय खरोखर लागू पडतात त्यांत क्रमाक्रमाने वजन वाढवत केलेला व्यायाम येतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या 2020 च्या मार्गदर्शनात आठवड्याला 150 ते 300 मिनिटे मध्यम किंवा 75 ते 150 मिनिटे जोरकस व्यायाम सांगितला आहे आणि त्याशिवाय किमान दोन दिवस स्नायूंच्या बळकटीचे व्यायामही सांगितले आहेत. ते पुरुष आणि स्त्रिया दोघांनाही सांगितले आहेत.

सुदैवाने या जिममध्ये एक मुलगी शिकवायला आहे आणि या परीक्षणातील सगळी शाबासकी तिलाच जाते. तिने मला वजन हातात देण्याआधी केरसुणीची सरळ काठी पाठीला लावायला दिली: एक टोक डोक्याच्या मागे, मध्य खांद्यांच्या मधोमध, दुसरे टोक माकडहाडाशी. काठी या तिन्ही ठिकाणी टेकलेली ठेवून कमरेतून पुढे वाकायचे, गुडघे किंचित सैल, आणि काठी कुठेही सुटली की थांबायचे. ते जमेपर्यंत तिने बारला हात लावू दिला नाही. जमल्यावर रिकामा बार, मग दोन्ही बाजूंना अडीच-अडीच किलो, आणि उचलताना श्वास कोंडून न धरता सोडत उचलायचे, कारण श्वास कोंडला की रक्तदाब एकदम चढतो, हे तिने न विचारता सांगितले. पोत्याला हात घालताना पाठ कशी धरावी हे मला त्या आठवड्यात प्रथमच नीट समजले. तिला मात्र पॅकेज विकता येत नाही म्हणून तिच्याकडे सभासद कमी दिले जातात.

दुसऱ्या दिवशी मांड्या दुखू लागल्या तेव्हा मुख्य प्रशिक्षकांनी ‘लॅक्टिक अ‍ॅसिड साठलंय, स्टीम घ्या’ असा सल्ला दिला. जोराच्या व्यायामात लॅक्टेट, म्हणजे ज्याला ते लॅक्टिक अ‍ॅसिड म्हणतात ते, वाढते हे खरे. पण व्यायाम थांबल्यावर साधारण तासाभरात ते पूर्ववत होते. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी जे दुखते ते सवय नसलेल्या हालचालीमुळे, विशेषतः वजन खाली सोडताना, स्नायूंच्या तंतूंना झालेल्या सूक्ष्म इजेचे आणि त्यानंतरच्या दाहाचे दुखणे असते, आणि ते आपोआप जाते. दुखले म्हणजे व्यायाम लागला आणि दुखले नाही म्हणजे फुकट गेला, हा हिशेबही म्हणूनच चुकीचा आहे. सांध्यात कळ येत असेल तर तो व्यायाम थांबवायचाच असतो.

सर्वांत गंभीर प्रसंग रिकाम्या पोटाच्या आग्रहातून घडला. रिकाम्या पोटी व्यायाम केला की चरबी जास्त जळते, असे फलकावर लिहिले आहे. त्या तासात शरीर चरबी थोडी अधिक वापरतेही, पण पुढच्या खाण्यापिण्यात तो फरक भरून निघतो आणि महिन्याकाठी वजनात काही फरक पडत नाही. आमच्या वेळेतील एक बाई मधुमेहासाठी ग्लिमेपिराइड ही रक्तातील साखर उतरवणारी गोळी घेतात. त्या फलकावर विसंबून गोळी घेऊन, न खाता आल्या आणि ट्रेडमिलवर त्यांचे हात थरथरू लागले, अंगाला थंड घाम सुटला. शिकवणारा मुलगा म्हणाला, “चांगलं हाय की, बॉडी आता फॅट बर्न करायलीय.” सभासदांतल्या एका निवृत्त परिचारिकेने त्यांना हाताला धरून खाली बसवले, चहाच्या सामानातील तीन चमचे साखर पाण्यात ढवळून पाजली, आणि पंधरा मिनिटांनी बाई बोलू लागल्या. काम करणारा स्नायू इन्सुलिनची वाट न पाहताही रक्तातील साखर ओढून घेतो. मधुमेहींना व्यायामाचा जो फायदा होतो तो याच कारणाने, आणि इन्सुलिन किंवा अशा गोळ्या घेणाऱ्यांची साखर व्यायामात एकाएकी उतरण्याचा धोकाही याच कारणाने. हा प्रसंग घडल्यावर फलक काढावा अशी आम्ही लेखी विनंती केली. फलक अजून तिथेच आहे. त्याच्याखाली आता ‘डायबिटीस पेशंटनी कळवावे’ अशी एक चिठ्ठी चिकटवलेली आहे, आणि ती फक्त कानडीत आहे.

चालण्याविषयी येथे तुच्छतेने बोलतात. व्हॅक्सिन डेपोच्या झाडीतून सकाळी फिरणारी माणसे म्हणजे नुसत्या गप्पा मारणारी, असे मुख्य प्रशिक्षकांचे मत आहे. त्याच वेळी सभासदांच्या मोबाइलवर रोज दहा हजार पावले भरलीच पाहिजेत अशी स्पर्धाही तेच चालवतात. दहा हजार हा आकडा कोणत्याही वैद्यकीय संशोधनातून आलेला नाही. 1965 साली जपानमध्ये बाजारात आलेल्या एका पावले मोजणाऱ्या यंत्राच्या नावातून तो जगभर पसरला. सरासरी 72 वर्षे वयाच्या बायकांच्या 2019 साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या पाहणीत दिवसाला सुमारे 2,700 पावले चालणाऱ्यांपेक्षा 4,400 चालणाऱ्यांत मृत्यूचे प्रमाण बरेच कमी दिसले, आणि साधारण 7,500 पावलांनंतर आणखी फायदा दिसेनासा झाला. ज्या काकांची पावले डेपोत पाच हजारांवर थांबतात त्यांनी त्या स्पर्धेमुळे खजील होऊ नये. गुडघे झिजतील म्हणून पळणे टाळणाऱ्यांसाठीही थोडे सांगण्यासारखे आहे. 2017 मध्ये अनेक अभ्यास एकत्र करून पाहिले तेव्हा हौसेने धावणाऱ्यांत गुडघ्या-खुब्याची सांधेझीज 3.5 टक्के, न धावणाऱ्यांत 10.2 टक्के आणि स्पर्धात्मक धावपटूंत 13.3 टक्के आढळली. भरतीसाठी 1.6 किलोमीटर धावणाऱ्या मुलांच्या आयांना हे कोणीतरी सांगायला हवे.

वर्षाची वर्गणी गळ्यात मारताना जी भीती घातली जाते ती मात्र खास आपल्या मातीतली आहे: एकदा सुरू करून सोडले तर अंग सुटते. पुरावा म्हणून गावातील म्हाताऱ्या पैलवानांची पोटे दाखवली जातात. स्नायूची चरबी होत नाही; दोन्ही वेगवेगळ्या पेशी आहेत. पैलवानाने जोर-बैठका थांबवल्या तरी दूध, बदाम आणि तूप थांबत नाही, म्हणून स्नायू आटतात आणि चरबी चढते, व लांबून पाहणाऱ्याला एकाचे दुसरे झाल्यासारखे वाटते. खाणे आवरले तर सोडल्यानंतरही अंग सुटत नाही, आणि काही महिन्यांच्या खंडानंतर पुन्हा सुरू केले तर गेलेले बळ पहिल्यापेक्षा लवकर परत येते. तेव्हा या भीतीपोटी वर्षाचे 12,000 रुपये एकरकमी भरण्याचे कारण नाही.

मी स्वतः मासिक वर्गणीवर पुढेही जाणार आहे, कारण या पैशांत अशी साधने आणि बायकांसाठी राखीव वेळ टिळकवाडीत मला इतरत्र मिळाली नाही. ज्यांना कोणतीच व्याधी नाही आणि ज्यांना वजने उचलायला शिकायचे आहे त्यांनी जरूर जावे, आणि पहिल्याच दिवशी शिकवणारी मुलगी मागून घ्यावी. मागितली तर देतात. मधुमेह, रक्तदाब किंवा हृदयविकाराच्या गोळ्या चालू असलेल्यांनी आधी आपल्या डॉक्टरांना विचारावे, काहीतरी खाऊन जावे आणि पर्समध्ये ग्लुकोजची पुडी ठेवावी, कारण तेथील प्रथमोपचाराच्या पेटीत मी उघडली तेव्हा कापूस आणि वेदनाशामक स्प्रे एवढेच होते. पॅकेज, पट्टा, स्टीम आणि सुटी पावडर यांना स्पष्ट नकार द्यावा. दोनदा नाही म्हटले की पुन्हा विचारत नाहीत. पावती मागितल्याशिवाय मिळत नाही, ती मागावी. पावसाळ्यात एक महिना वर्गणी पुढे ढकलण्याची सवलत आहे, पण ती काउंटरवर लिहून द्यावी लागते आणि तिचा उल्लेख कोणत्याही फलकावर नाही.